पेन्सिलीचा शेरा

शांतवन डॉक्टर कुठल्याही सरकारी कार्यालयात गेले की आधी साहेबांची नाकपुडी बघत. दारातूनच, मान जराशी तिरकी करून. मग व्हरांड्यातल्या बाकावर ताटकळलेल्या पेन्शनवाल्यांकडे वळून निदान सांगत, "वली हाय. जावा आत, आर्ज द्या." किंवा, "कोरडी ठक्क पडलीय. आज शिंग मारील. घरी जाऊन भाकर खावा, उद्या या." निदान सहसा चुकत नसे. बाकावरची माणसं त्यांना विचारल्याशिवाय उठत नसत. आपल्याकडे काही दिवस झुंबड का उडते आणि काही दिवस चिटपाखरू का फिरकत नाही, हे एका साहेबांना तर निवृत्त होईतो कळलं नाही.

डॉक्टर माणसांचे नव्हेत, जनावरांचे. कागदोपत्री तेही नव्हेत. हुद्दा पशुधन पर्यवेक्षक, नोकरी जिल्हा परिषदेची, तेहतीस वर्षं. फटफटीवर गावोगाव फिरायचं, गाईम्हशींना लसी टोचायच्या, अडलेली सोडवायची, बैल खच्ची करायचे. खेड्यात हे काम करणाऱ्याला डॉक्टरच म्हणतात. मूळचे शेवगावकडचे, ख्रिस्ती घरातले. "बापानं नाव ठिवलं शांतवन, मंजी दिलासा, आन् सरकारनं हातात दिला चिमटा," असं स्वतःची ओळख करून देताना म्हणायचे. उंच, पुढे वाकलेले. उजवा हात डाव्यापेक्षा बोटभर लांब आहे अशी वदंता होती, आणि ती त्यांनीच पसरवली होती. "आडल्याली गाय आन् आडल्याली फाईल भाईरनं वरडून सुटत न्हाई, भाऊसाहेब. हात घालावा लागतो."

भाऊसाहेब म्हणजे मी. आस्थापना शाखेतला कारकून. कोणत्या तालुक्याच्या ऑफिसात होतो ते सांगत नाही, तेवढी लाज शिल्लक आहे. बाकीचं सांगतो. यातलं बरंचसं मी बायकोलाही फार उशिरा सांगितलं.

डॉक्टरांच्या निवृत्तीला सहा महिने उरले होते. पेन्शनचं प्रकरण तयार करायचं होतं, म्हणून ते आपलं सेवापुस्तक बघायला माझ्या टेबलाशी आले. मी नुकताच वरिष्ठ सहाय्यक झालो होतो आणि ते पद थोडं मानेत उतरलं होतं. "बसा, वेळ लागेल," मी वर न बघता म्हणालो. डॉक्टरांनी माझी हनुवटी धरली, अंगठ्यानं खालचा ओठ खाली ओढला आणि अख्ख्या शाखेला ऐकू जाईल असं म्हणाले, "चार दाती हाय अजून. शिकंल काम हळूहळू. येवढ्यात बाजार दावू नका."

शाखा हसली. शिपाई हसला. टंकलेखक बाई तर फाईल तोंडापुढे धरून हसल्या. मीही हसलो.

संध्याकाळी सेवापुस्तक माझ्यापुढे उघडं होतं. सगळ्या नोंदी मी तपासल्या होत्या, सगळ्या बरोबर होत्या. पुढे पाठवायचं तेवढं राहिलं होतं. मी पेन्सिल उचलली आणि जे पान समोर होतं त्याच्या समासात लिहिलं, 'तपासावे'. आठ दिवस बसू दे म्हाताऱ्याला, मग खोडून पाठवू, इतकाच बेत. आळस म्हणालो असतो तर बरं दिसलं असतं. पण कारण दातांचं होतं.

चौथ्या दिवशी माझ्या बदलीचा आदेश आला. सेवापुस्तक कपाटात राहिलं, किल्ली नव्या माणसाकडे गेली आणि मी नगरला आलो. शेरा खोडायचा राहिला. पहिला महिनाभर आठवत होता. नंतर मी तो विसरलो, म्हणजे विसरायचं ठरवलं.

सरकारी दप्तरात शाईचा शेरा परवडतो. त्याखाली सही असते, सही असली की माणूस सापडतो. पेन्सिलीच्या शेऱ्याला आईबाप नसतात. नव्या कारकुनानं तो बघितला आणि घाबरला. काय तपासावे? कुणी सांगितलं असेल? आपण खोडला आणि उद्या काही निघालं तर? त्यानं प्रकरण वर पाठवलं. वरून खाली आलं, 'शेऱ्याचा उलगडा करून फेरसादर करावे.' खालून वर गेलं, 'उलगडा होत नाही, मार्गदर्शन व्हावे.' अशा येरझाऱ्यांत डॉक्टर निवृत्त झाले, शाल-श्रीफळ झालं, तात्पुरती पेन्शन काही महिने मिळाली आणि तीही थांबली. उपदान म्हणजे ग्रॅच्युइटी, रजेचे पैसे, पूर्ण पेन्शन, सगळं त्या एका शब्दाच्या दाव्याला बांधलेलं.

हे मला कसं कळलं? नागापूरच्या अलीकडे एका वसाहतीत मी घर घेतलं. सामान उतरवत होतो तर शेजारच्या ओट्यावर डॉक्टर. त्यांनी तो प्लॉट नोकरीत असतानाच घेऊन ठेवला होता. विटा उघड्या, गिलावा नाही. उपदान आलं की गिलावा करायचा होता.

"आरं, भाऊसाहेब," ते म्हणाले, "सहा दाती झाला की तुमी."

मग चहा झाला, प्रकरण निघालं. "कुन्या भाद्दरानं माझ्या पुस्तकात पेन्सिल घातलीय. नाव सापडू द्या फकस्त. चिमट्यात धरतो त्येला."

मी पुन्हा हसलो. आणि त्याच आठवड्यात त्यांचे अर्ज लिहायला बसलो, कारण "आक्षर तुमचं चांगलं हाय." पावणेतीन वर्षं मी माझ्याच शब्दाविरुद्ध अर्ज लिहिले. अर्जात 'तपासावे' हा शब्द आला की तो अवतरणात, छापील वळणानं, अगदी परक्यासारखा काढायचो.

"आपल्या नळाला आठ दिवस पाणी नाही," माझी बायको सुनीता म्हणायची, "त्याचा एक अर्ज लिहा म्हटलं तर तुमचा हात दुखतो. आणि त्यांचं सतरावं स्मरणपत्र चाललंय."

"शेजारधर्म असतो."

"मग मी काय पलीकडच्या गल्लीत राहते?"

डॉक्टरांनी कायद्यातले सगळे उपाय गोठ्यात आणून बांधले होते. साधा अर्ज म्हणजे मलम. स्मरणपत्र म्हणजे त्याच जागी पुन्हा मलम, जरा चोळून. माहितीचा अधिकार म्हणजे थर्मामीटर. "ताप किती हाय ते कळतं. उतरत न्हाई." माहिती अधिकारात त्यांनी एकच प्रश्न विचारला होता, 'तपासावे म्हणजे काय तपासावे?' महिन्याभरानं लेखी उत्तर आलं, 'सदर बाब तपासण्यात येत आहे.' सोबत त्या पानाची झेरॉक्स. ती झेरॉक्स डॉक्टरांनी फार वेळ बघितली, हे माझ्या तेव्हा लक्षात आलं होतं. मी दुसरीकडे बघत होतो.

पेन्शन अदालत त्यांना पटली नाही. "शिबिर हाय ते. समद्यास्नी येकच जंताची गोळी." न्यायाधिकरणात जायचं म्हणून एकदा पुण्याच्या एका वकिलाला गाठलं, तर त्यानं सांगितलं, ते राज्य सरकारच्या नोकरांसाठी, तुम्ही पडलात जिल्हा परिषदेचे, तुम्हाला खंडपीठ. डॉक्टर परत येऊन व्हरांड्यातल्या मंडळींना म्हणाले, "घोड्यांचा दवाखाना हुता. आपन गाढवं."

त्यातच कुणीतरी ना-देय प्रमाणपत्राचं खुसपट काढलं. म्हणजे सरकारी वस्तू परत केल्याचा दाखला. यादीत एक खच्चीकरणाचा चिमटा डॉक्टरांच्या नावावर होता. ज्यांनी बैल बघितला नाही त्यांच्यासाठी सांगतो, हा चिमटा हातभर लांब, लोखंडी, आणि त्याचं काम एकच. डॉक्टर तो गोणपाटात गुंडाळून घेऊन गेले. मी दाराबाहेर उभा होतो. त्यांनी गोणपाट सोडलं, चिमटा लेखाधिकाऱ्यांच्या काचेच्या टेबलावर ठेवला आणि नम्रपणे म्हणाले, "चालू स्थितीत हाय, सायेब. चालवून दावू का?"

साहेबांनी खुर्ची मागे घेतली. दाखला दहा मिनिटांत मिळाला. डॉक्टर बाहेर आले ते वैतागलेले. "ह्यो आधीच मागाय पायजे हुता त्येंनी. आता गेला हातातला."

पोट कशावर चाललं होतं? दर शनिवारी काष्टीच्या बाजाराला जायचे. जनावर घेणाऱ्याला दात बघून वय सांगायचे, कास दाबून दूध सांगायचे. घेणारा काय देईल ते. परत येताना सुनीताला मेथीची जुडी आणायचे आणि म्हणायचे, "आर्जाची फी." मुलगी पुण्यात होती, ती बोलवायची. "केस हाय," असं सांगून ते जायचं टाळायचे. एकटे राहायचे. बायको जाऊन बरीच वर्षं झाली होती. तिच्याबद्दल बोलत नसत. भिंतीवर फोटो होता, तेवढंच.

वकिलाच्या नोटिशीला, म्हणजे सुईला, जनावर हललं नाही. मग उरली रिट याचिका. ऑपरेशन. संभाजीनगरला खंडपीठात एक तरुण वकीलबाई मिळाल्या. त्यांनी कागद बघितले आणि म्हणाल्या, यात लढायला काहीच नाही, सरळ जिंकायचं आहे. पेन्शन ही काही बक्षिसी नाही, कमावलेला हक्क आहे. पेन्सिलीच्या एका शब्दासाठी तो अडवता येत नाही. उशिराबद्दल व्याजही मागू, आणि ज्याच्यामुळे उशीर झाला त्याच्याकडून ते वसूल करावं असंही लिहू.

मी पाण्याचा ग्लास शोधला.

मसुदा आला. डॉक्टरांनी चष्मा लावून वाचला आणि तिसऱ्या परिच्छेदापाशी बोट ठेवलं. 'अर्जदाराची तेहतीस वर्षांची सेवा निष्कलंक आहे.'

"ह्यो शबुद काढा."

"कोणता?" वकीलबाईंनी विचारलं.

"निष्कलंक. त्येच्या जागी 'बरी' ल्ह्या."

"काका, कोर्टात बरी चालत नाही."

"मानसाला चालती की."

"तुम्हाला कधी मेमो मिळालाय? चौकशी झालीय?"

"न्हाई."

"मग निष्कलंकच. खाली प्रतिज्ञापत्र आहे, त्यावर सही करा. मजकूर खरा आहे अशी शपथ."

शपथ म्हटल्यावर डॉक्टरांनी पेनाला टोपण लावलं. घरी जाऊन विचार करतो म्हणाले. पुढच्या महिन्यात त्यांना कंबरेची कळ होती. त्याच्या पुढच्या महिन्यात काष्टीला कुणाच्या तरी म्हशीचं अंग बाहेर आलं होतं. मग मुलगी येणार होती, ती आली नाही, म्हणून वाट बघायची होती. वाघासारखा माणूस, साहेबाच्या टेबलावर चिमटा ठेवणारा, एका सहीला बिचकत होता. वकीलबाईंनी मला फोन केला, "त्यांना सांगा, आणखी उशीर केला तर कोर्ट आधी तोच विचारेल. पंधरा दिवसांत सही नाही आली तर कागद परत पाठवते."

तेव्हा मी ठरवलं. मला वाटत होतं, शेरा कुणाचा हे न कळल्यामुळे म्हाताऱ्याचं मन अडलंय. नाव कळलं की सही होईल. माझं जे व्हायचं ते होवो.

रविवारी दुपारी गेलो. ते ओट्यावर लसूण सोलत बसले होते.

"डॉक्टर, तो शेरा माझा आहे."

"कुठला?"

"पेन्सिलीचा."

लसूण सोलायचं थांबलं नाही. एक पाकळी झाली, दुसरी झाली.

"मंजी तुमी तपासलं हुतं," ते म्हणाले. आवाजात राग नव्हता. उलट पुढे सरकून बसले. "काय काय सापडलं तुमाला?"

"काही नाही सापडलं. तुम्ही सगळ्यांपुढं माझे दात बघितले म्हणून राग आला होता. जे पान उघडं होतं त्यावर लिहिलं."

"रजा मोजली न्हवती?"

"मोजली होती. बरोबर होती."

"ती कवा संपली, आन् फुडं मी काय केलं, ते?"

"ते कशाला बघू?"

"दैनंदिनी मागावली न्हवती?"

"नाही हो."

त्यांनी लसणाचं ताट बाजूला ठेवलं. हात धोतराला पुसले. "दोन वर्सं झाली, मला वाटतंय," ते म्हणाले, "कुनीतरी ते पान वाचलं."

मग त्यांनी सांगितलं. ते पान त्यांच्या बायकोच्या, सगुणाबाईंच्या शेवटच्या वर्षाचं होतं. दवाखान्यात ती दोन महिने होती. डॉक्टरांची रजा संपली, वर आणखी मिळेना. तेव्हा शेवटचे अकरा दिवस त्यांनी दैनंदिनीत फिरती दाखवली. अमुक वस्ती, इतक्या गाई, इतक्या म्हशी, लाळ-खुरकुताची लस. आणि बसून होते तिच्या खाटेशी. ती गेल्यावर त्यांनी पुढचे अकरा रविवार त्या त्या वस्तीवर जाऊन लसी टोचल्या. एक जनावर सोडलं नाही. "पन तारीख खोटी ती खोटीच. निष्कलंक कसं म्हनू?"

"कुणाला सांगितलं नाहीत?"

"कुनी इचारलं न्हाई. मग ती झेराक्स आली. त्याच पानावर, रजेच्या बाजूला, 'तपासावे'. पयल्यांदा भ्या वाटलं. मग बरं वाटलं, भाऊसाहेब. म्हनलं, कुन्यातरी कारकुनानं रजा मोजली, ती संपल्याली बघितली, आन् त्येच्या मनात आलं, बायकू आशी पडल्याली आसताना ह्यो मानूस वस्तीवर कसा हिंडत हुता? येवढं कुनीतरी माझं बघितलं. लेकीनं बी न्हवतं बघितलं येवढं."

मी माफी मागायला गेलो होतो. ती कशाची मागायची हेच कळेना.

निकाल इथेच सांगून टाकतो. मी लेखी जबाब दिला की शेरा माझा, निष्कारण, द्वेषापोटी. याचिकेतून 'निष्कलंक' गेलं. 'कोणतीही विभागीय चौकशी प्रलंबित नाही' असं आलं, आणि त्यावर डॉक्टरांनी सही केली. व्याजाची मागणी मात्र त्यांनी स्वतःच्या हातानं काट मारून खोडली. वकीलबाई चिडल्या, हक्काचे पैसे आहेत म्हणाल्या. "याज नको," डॉक्टर म्हणाले. "ते ह्येच्या पगारातनं कापत्याल, मग ह्यो आर्ज लिवायचा बंद हुईल." कोर्टानं मुदत घालून दिली, मुदतीत पैसे आले, भिंतींना गिलावा झाला. मला कारणे दाखवा नोटीस आली आणि एक वेतनवाढ गेली. नोटिशीचं उत्तर डॉक्टरांनी सांगितलं तसं लिहिलं होतं, फक्त दातांचं वाक्य सुनीतानं काढायला लावलं. त्या रात्री जेवताना ती एवढंच म्हणाली, "आता नळाचा अर्ज लिहा."

पण त्या रविवारी मी ओट्यावरून उठू शकलो नव्हतो. डॉक्टर आत गेले, पत्र्याची ट्रंक ओढल्याचा आवाज आला. कार्बनचे जुने कागद, कडेला दोरा ओवलेला, असं दैनंदिनीचं पुडकं घेऊन ते बाहेर आले आणि माझ्या मांडीवर ठेवलं.

"आता तपासा."

"डॉक्टर, आता काय करायचंय त्याचं?"

"लिवलंय न्हवं तुमी? मग तपासा."

मी पान शोधलं. मोठ्यानं वाचलं, "मंगळवार. माळवस्ती. लाळ-खुरकूत लस. गाई बावीस, म्हशी नऊ."

"त्या दिशी तिनं पेज घेतली," डॉक्टर म्हणाले. "दोन चमचं. मीठ कमी हाय म्हनली."

"बुधवार. खालची वाडी. बैल चौदा, गाई सव्वीस. पैकी एक गाय मारकी, टोचू दिली नाही." मी वर बघितलं. "खोट्यात मारकी गाय कशाला घातलीत?"

"समद्या टोचल्या म्हनलं तर इस्वास कोन ठिवील?" ते हसले. मग म्हणाले, "तीच हुती ती. नर्सबाईचा हात झटाकला. म्हनली, तू व्हय बाजूला, आमच्यांना टोचू दे. त्येंचा हात हालका हाय."

"मग?"

"नर्सबाईनं दिली सुई माझ्या हातात. टोचली मी. म्हशीला टोचतो तशी न्हाई. हळू."

लसणाची सालं वाऱ्यानं ओटाभर झाली होती. ती त्यांनी एक एक करून वेचली आणि ताटात टाकली. मग त्यांनी माझ्या गुडघ्यावर हात ठेवला.

"वाच," ते म्हणाले. "फुडं गुरवार हाय."